पायऱ्यांकडे तोंड करून

३ मार्च

चिमे,

फोन सोडून ताई पत्र कसलं लिहितेय म्हणून तू कपाळाला हात लावशील. लाव. फोनवर माझं नुसतं ‘हॅलो’ ऐकलं की तू ‘काय झालं?’ म्हणून किंचाळतेस, आणि इकडे तुझा दादा चावीचं यंत्र थांबवून कान टवकारतो. एवढंसं आपलं दुकान, त्यात दोन स्टुलं. गुपित बोलायचं तर शटरबाहेर जावं लागतं, आणि बाहेर तर अख्खी गल्ली ऐकते. म्हणून पत्र. दादाला सांगितलंय की कोऱ्या चाव्या पुरवणाऱ्याला तक्रार लिहितेय. एवढी पानं बघून तो म्हणाला, ‘बिचारा पुरवणारा!’

चांगली बातमी आधी. दादाची काठी सुटली. मांडीची जखम भरली. डॉक्टर म्हणतात, गोळी हाडाला नुसती चाटून गेली हे नशीब. मी त्यांना म्हटलं, अहो, नशीब असतं तर बंदूकच त्या जिन्यात आली नसती. त्यांनी चष्मा पुसला.

जानेवारीत हे झालं तेव्हा फोनवर अर्धा वेळ तू रडत होतीस आणि अर्धा वेळ मी, त्यामुळे तुला नीट काहीच कळलं नसेल. आता सांगते. समोरच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर गणिताच्या बाई राहतात, आपल्याला शाळेत छड्या मारायच्या त्याच. त्यांचं दार वाऱ्याने ओढलं गेलं आणि चावी राहिली आत. दादा गेला. संध्याकाळची वेळ, जिन्यातला बल्ब गेलेला. तो कुणी आणायचा यावर त्या इमारतीत इतके महिने भांडण चाललं होतं की नवा बल्बही म्हातारा झाला असता. बाई त्याच्यासाठी पाणी आणायला शेजारणीकडे खाली गेल्या. वरच्या मजल्यावर कुणाला तरी कुलूप खरवडल्याचा आवाज आला, त्याने पोलिसांना फोन केला. दोन शिपाई वर आले. धाकटा मागून ओरडला, दादा दचकून वळला, हातात तारेचा आकडा, आणि त्या धाकट्याने गोळी झाडली. विणायच्या सुईएवढा आकडा गं! चौकशीच्या कागदात त्याला ‘हत्यारासारखी वस्तू’ म्हटलंय. तो शिपाई पोरसवदा होता म्हणतात, त्याला कुठे तरी लांब टेबलाशी बसवलंय.

आता गल्लीतल्या एकूण एक जिन्यात लख्ख दिवे लागलेत. इतका उजेड, की माझे पांढरे केस सगळ्यांना कळले. फोन कुणी केला ते कुणी बोलत नाही, आणि कुणाला ठाऊक नाही असंही नाही. त्या इमारतीत लोक एकमेकांना ‘काय, बरं आहे ना?’ असं जरा जास्तच विचारतात.

आणि नवी पद्धत ऐक. दादा कुणाचं दार उघडायला निघाला की मी आधी वर्दी देते. मग सगळे मजले बाहेर येतात. खुर्च्या, चहाचा थर्मास, बेकरीवाला तर पायरीवर पेपर पसरून बसतो. मी हत्यारांची पिशवी धरून दादाला चिकटून उभी राहते आणि मोठमोठ्याने बोलते, म्हणजे खालून येणाऱ्याला कळावं की इथे चोरी नाही, माणसं आहेत. परवा कांद्याच्या भावावर इतकं बोलले की घसा बसला.

दादा घाबरलाय, चिमे. तो कबूल करत नाही. म्हणून मी त्याला एकटा सोडत नाही.

हो, परवा चौकीतला एक शिपाई मोटरसायकलची चावी करून घ्यायला आला. मी म्हटलं, ‘यंत्र बिघडलंय.’ यंत्र तेव्हा माझ्या पाठीमागे घरघरत होतं.

तुझी,
ताई

११ मार्च

तक्रारखोर ताईसाहेब,

कोऱ्या चाव्या पुरवणाऱ्याकडून सप्रेम नमस्कार. तुमची तक्रार पोहोचली. माल बदलून मिळणार नाही.

जिन्यातली सभा वाचून मी इथे एकटीच हसले. आमच्या रेल्वेच्या हरवल्या-सापडल्याच्या खिडकीवर एकटं हसणं बरं दिसत नाही. समोर माणूस उभा असतो, त्याची छत्री हरवलेली असते. या आठवड्यात गाडीत काय सापडलं सांगू? एक कुबडी. एकच. म्हणजे माणूस कुबडी घेऊन चढला आणि विसरून चालत घरी गेला! मी साहेबांना म्हटलं, हिचा मालक सापडायला नको, तो बरा झालाय. दादाला सांग.

एक मात्र विचारते. तुझ्या पत्रात दादा आहे, बाई आहेत, बेकरीवाला आहे, माझी ताई कुठे आहे? तू जेवतेस का? झोपतेस का? की रात्रंदिवस कांद्याचे भावच?

मी मजेत. काळजी करू नकोस.

चिमी

१९ मार्च

चिमे,

हे पत्र ताईच्या नकळत लिहितोय. तिला सांगितलंय की कोऱ्या चाव्या पुरवणाऱ्याची माफी मागतोय. ती म्हणाली, ‘तू कशाला मागतोस, त्याने मागावी.’ त्या माणसाचं पुढे कसं व्हायचं कोण जाणे.

मला वाचव. मी बरा आहे, ठणठणीत आहे. पण मला काम करू देत नाहीत. तुला माहितीय, कुलूप कानाने उघडतं. आत एकेक खिट्टी बसते तेव्हा उंदराने दात खावेत एवढाच आवाज होतो. आणि माझ्या कानाशी ताई! ‘काय महागाई, काय महागाई!’ पाठीमागे चौदा माणसं. कुणी म्हणतं डावीकडे फिरव, कुणी म्हणतं तेल घाल, बेकरीवाला शब्दकोडं विचारतो. मागच्या खेपेला दार उघडलं तेव्हा टाळ्या पडल्या. टाळ्या! मी काय हत्ती आहे का, स्टुलावर उभा राहिलो म्हणून?

आणि गणिताच्या बाई रोज सूप आणतात. मी संपवेपर्यंत समोर बसतात. मला सूप कधीच आवडलं नाही, पण त्यांचे डोळे बघून वाटी पुढे करतो. परवा मी म्हटलं, ‘बाई, तुमची काही चूक नाही, तुम्ही पाणी आणायला गेला होतात.’ तर म्हणाल्या, ‘तुला तहान लागलेली नव्हती रे. मीच आग्रह केला.’ आणि आणखी एक डाव ओतला.

झोपही लागते मला. फक्त पाठ भिंतीला लावून झोपतो, ते मांडीमुळे.

घाबरलीय ती ताई. तिला तुझंच ऐकू येतं. सांग तिला, मला एकदा एकट्याने जाऊ दे. एकदाच.

दादा

२७ मार्च

ताई,

आज थोडं मोठ्या माणसासारखं बोलणार आहे, रागावू नकोस. रागावलीस तरी मी लांब आहे, धपाटा पोहोचणार नाही.

दादाला सोड. त्याच्या पाठी पाठी फिरणं थांबव. तो मांडीने बरा झाला, पण तुम्ही सगळे मिळून त्याला रोज आजारी करता. चौदा माणसं बघायला जमल्यावर ज्याला काही झालेलं नाही त्यालाही वाटेल, आपल्याला काहीतरी झालंय! त्याच्या हातात कला आहे, त्याला शांतता दे. भीती त्याला नाही, तुला आहे. आणि ती तू त्याच्या पिशवीत भरून रोज त्याच्याच खांद्यावर देतेस.

लिहिलं एकदाचं. आता मी टेबलाखाली लपते.

चिमी

४ एप्रिल

चिमाबाई,

तुझं पत्र वाचलं. मग घडी घातली. मग परत वाचलं. मग चावीच्या यंत्रावर नको तितक्या जोरात एक चावी घासली, ती गिऱ्हाइकाने परत आणली.

भीती मला आहे म्हणे! तो रक्ताने भिजलेल्या कपड्यांनिशी स्ट्रेचरवर पडलेला तू पाहिलास? मी पाहिला. त्याचा एक बूट जिन्यात राहिला होता. तो आणायला मी परत वर गेले, आणि बूट हातात घेऊन त्या पायरीवर बसले ती उठेचना. बाईंनी उठवलं मला. तुझ्या खिडकीत एकटी कुबडी येते तेव्हा तुला हसू येतं. मला एकटा बूट दिसला की मी अजून दुसरा शोधत सुटते.

हे तुला ओरडायला लिहायला घेतलं, आणि लिहिता लिहिता कळलं की तू बरोबर बोलतेस. तुझा फार राग आला. अजून आहे.

ठीक. वर्दी देणं बंद. बेकरीवाल्याला सांगितलं, खुर्ची घरात ठेवा. तो हिरमुसला, त्याचं शब्दकोडं अर्धं राहिलं होतं. बाईंना सांगितलं, सूप दिवसाआड. दादाला म्हटलं, पुढचं काम तुझ्या एकट्याचं. त्याने पिशवी माझ्या हातातून घेतली आणि लहानपणी पतंग मिळाल्यावर हसायचा तसा हसला.

तेवढ्यासाठी तुला माफ केलं. थोडंसंच.

ताई

९ एप्रिल

ताई,

हुर्रे! माझी ताई शहाणी, माझी ताई थोर. आज मी माझ्या पैशाने केक खाल्ला, तुझ्या नावाने. साहेब म्हणाले वाढदिवस आहे का, मी म्हटलं, हो, भावाचा. मग त्यांनी पण खाल्ला.

दादा पहिल्यांदा एकटा गेला की लगेच लिही. सगळं लिही, कुठलं कुलूप होतं तेसुद्धा.

चिमी

२० एप्रिल

चिमे,

लिहायला उशीर झाला. सांगते.

आधी तू हसशील, मग हसणार नाहीस. हसू येईल तिथे हस, मीही हसले होते.

आपल्या मागच्या रस्त्यावर दातांचे डॉक्टर आहेत, दुसऱ्या मजल्यावर. मंगळवारी दुपारी त्यांनी एका पेशंटला हिरडीत इंजेक्शन दिलं, खुर्चीत बसवलं, आणि ते चढेपर्यंत पाय मोकळे करायला म्हणून बाहेर आले. मागे दार लागलं. चावी आत, फोन आत, पेशंट आत. पेशंटने उठून दार उघडावं ना? तर खुर्ची पार मागे झोपवलेली, आजोबा जाडजूड, कंबर धरलेली, त्यांना उठता येईना. डॉक्टर पांढऱ्या डगल्यात धावत दुकानात आले. ‘लवकर चला, त्याची बधिरता उतरेल!’

मी पिशवीला हात लावला आणि काढून घेतला. दादा एकटा गेला. डॉक्टर धापा टाकत खाली फाटकाशीच बसले.

मी दुकानात बसून होते. एकच चावी पुसत होते. बराच वेळ झाला, दादा येईना. मला वाटलं, कुलूप अवघड असेल. मग वाटलं, उठू नकोस, चिमीने सांगितलंय. मग पोस्टमन आला. आपला नेहमीचा, जो तुझी पत्रं आणतो तो. त्याचा चेहरा बघून माझ्या हातातली चावी पडली. तो म्हणाला, ‘ताई, काही झालेलं नाही. पण चला.’

झालं असं. दादा दारापुढे गुडघ्यावर बसला होता, काम सुरूही झालं होतं. जिन्यात लख्ख उजेड, वारा नाही, माणूस नाही, अगदी हवी तशी शांतता. आणि त्या शांततेत खालून बुटांचा आवाज वर आला. टॉक, टॉक. दादाने आकडा फेकून दिला, दोन्ही हात वर केले, आणि तसाच पोटावर पालथा पडला. कपाळ फरशीला.

वर आला होता पोस्टमन. डॉक्टरांचं रजिस्टर पत्र घेऊन. त्याने हे पाहिलं आणि त्याला वाटलं, आपल्या मागे कुणीतरी बंदूक घेऊन उभं आहे. त्याने टपाल टाकलं आणि त्यानेही हात वर केले. दोघंही तसेच, चिमे. एक आडवा, एक उभा, चारही हात वर. आणि आतून ते आजोबा बधिर तोंडाने ओरडतायत, ‘उघयं का? उघयं का?’

मला पोस्टमनने हे सांगितलं तेव्हा मी हसले. खरंच मोठ्याने हसले. मग वर पोहोचले. दादा भिंतीला टेकून बसला होता आणि त्याने दोन्ही हात एकमेकांत घट्ट अडकवून ठेवले होते. मला बघून म्हणाला, ‘ताई, मला जमलं नाही.’ बस्स, एवढंच. आणि रडला. तेव्हा दवाखान्यातसुद्धा रडला नव्हता. लहान पोरासारखा रडला, आणि मी त्याच्या शेजारी बसून त्याचं डोकं धरून ठेवलं. पोस्टमन खालच्या पायरीवर जाऊन आमच्याकडे पाठ करून पत्रं गोळा करत बसला. पाच-सहाच पत्रं होती, पण त्याने खूप वेळ गोळा केली.

दार शेवटी पहारीने फोडलं. आजोबांचं इंजेक्शन उतरलं, परत द्यावं लागलं.

मी तुला दोष देत नाही. तुझं ऐकून मी चुकले, आणि तूही चुकलीस. तो म्हणायचा, ताई घाबरलीय. मी म्हणायचे, तो घाबरलाय. आम्ही दोघंही खरंच बोलत होतो.

दुकान बंद आहे. तो म्हणतो, आता नुसत्या चाव्या घासेन, दारावर जाणार नाही. बाबांनी त्याला सहा वर्षांचा असताना पहिलं कुलूप दिलं होतं हातात. दारावर गेला नाही तर तो कोण राहील, चिमे? मला रात्री हाच प्रश्न पडतो.

ताई

२६ एप्रिल

ताई,

तीनदा लिहिलं, तीनदा फाडलं. हे पत्र फाडणार नाही.

‘पाठ भिंतीला लावून झोपतो’ असं दादाने मला लिहिलं होतं. मी वाचलं आणि पुढे गेले. सूप वाचून हसत होते ना.

तुला मी एक गोष्ट सांगितली नाही. इथे खिडकीवर रेल्वेचे पोलीस रोज येतात, सापडलेल्या बॅगा जमा करायला. भली माणसं आहेत, एक तर मला ‘बेटा’ म्हणतो. जानेवारीपासून त्यांच्यातलं कुणी आलं की मी दोन्ही हात उचलून काउंटरवर ठेवते. पंजे उघडे. मला कळतसुद्धा नाही. परवा साहेबांनी विचारलं, ‘तू हे काय करतेस?’ मी म्हटलं, नखं वाळवतेय. मी नखं कधी रंगवली आहेत का, ताई?

मला तर गोळी लागली नाही. मी तिथे नव्हतेसुद्धा. म्हणून मला वाटलं, मला घाबरायचा काय हक्क! आणि तुला शहाणपण शिकवत बसले. दादा एकटा जाऊ शकला असता तर मीही बरी आहे असं झालं असतं, म्हणून त्याला ढकललं. हे मला काल कळलं.

रजा टाकली आहे. पुढच्या महिन्यात येते. तोपर्यंत दादाला विचार, माझं नको, तुझंही नको, त्यालाच विचार: त्याला काय हवंय? इतक्या दिवसांत आपल्यापैकी कुणी त्याला हे विचारलेलं नाही.

चिमी

६ मे

चिमे, माझ्या राणी,

नखं खुशाल रंगव आता, म्हणजे खोटं तरी ठरणार नाही. आणि ये. हक्क कसला मागतेस? आपण तिघं एका घरात वाढलो, एका ताटात जेवलो, मग भीती काय एकट्याने खायची?

मी त्याला विचारलं. तू सांगितलंस तसं, सरळ. त्याने हातातली कानशी खाली ठेवली. मग म्हणाला, ‘मला माझ्याकडे बघणारी माणसं नकोत. पायऱ्यांकडे बघणारं कुणीतरी हवं.’

मला एकदम समजलं नाही. तो म्हणाला, ‘अगं, मी कुलपाकडे बघतो तेव्हा माझी पाठ उघडी असते. तुम्ही सगळे माझ्या हातांकडे बघत उभे राहता. पाठीकडे कुणी बघत नाही.’ इतकं साधं होतं गं. आम्ही चौदा जण तिथे उभे राहून जिन्याकडेच पाठ करत होतो!

काल गणिताच्या बाईंचंच दार पुन्हा ओढलं गेलं. मुद्दाम ओढलं की काय अशी मला शंका आहे, त्यांचा चेहरा फारच निरागस होता. दादा त्या जिन्याकडे बघत खाली उभा राहिला. मग म्हणाला, ‘चल. बोलू नकोस मात्र.’

चढलो. तिसऱ्या मजल्यावर तो गुडघ्यावर बसला, आणि मी त्याच्या पाठीला पाय टेकवून, पायऱ्यांकडे तोंड करून उभी राहिले. त्याची पाठ माझ्या पोटऱ्यांना लागत होती आणि ती थरथरत होती. माझेही पाय थरथरत होते. कुणाचं थरथरणं कुणाला लागत होतं ते सांगता येणार नाही.

थोड्या वेळाने तो म्हणाला, ‘आहेस?’ मी म्हटलं, ‘आहे.’ परत, ‘आहेस ना?’ ‘आहे रे.’ खाली कुणीतरी दार आपटलं. त्याचा श्वास थांबला. मी म्हटलं, ‘पहिल्या मजल्यावरच्या वहिनी. कचरा घेऊन चालल्यात.’ श्वास सुरू झाला. ‘आहेस?’ ‘आहे.’ ‘कोण येतंय?’ ‘मांजर.’ ‘आहेस?’ ‘आहे, आहे.’ आयुष्यात मी कधी इतकं कमी बोलले नसेन.

मग त्याने विचारलं नाही. मी वाट पाहिली. तरी विचारलं नाही. मला वाटलं, झालं, पुन्हा हात अडकले, पुन्हा रडतोय. वळायचं नाही असं ठरलं होतं, पण मला राहवेना. वळले.

दार सताड उघडं होतं. त्याने कुलूप काढून हातात घेतलं होतं, आत डोकावून काहीतरी पुटपुटत होता, ‘ही खिट्टी झिजलीय, हिच्यामुळेच सारखं ओढलं जातं,’ असं काहीतरी. जीभ दातांत धरलेली, बाबा धरायचे तशी. मी उभी आहे हे त्याच्या गावीही नव्हतं.

तो मला विसरला होता, चिमे. साफ विसरला होता. मला आयुष्यात कुणी विसरलं म्हणून इतका आनंद झालेला नाही.

लवकर ये. स्टेशनवर मी येईन.

ताई